चोकेकिराओच्या पायवाटेसाठी चार दिवस पुरतील का?

डोंगरयात्री

नमस्कार. पुढच्या वर्षी मी आणि माझी पत्नी पेरूला जाण्याचा विचार करीत आहोत. माझे वय ५६ आहे आणि तिचे ५३. आम्ही दोघेही बरीच वर्षे डोंगर चालत आलो आहोत आणि सलग चार-पाच दिवस तंबूत राहण्याची आम्हाला सवय आहे. मात्र लांबलचक उतारावर तिचा उजवा गुडघा दुखू लागतो, ही गोष्ट सुरुवातीलाच सांगून ठेवतो.

आधी माचू पिचूला जाणाऱ्या प्रसिद्ध इंका वाटेचे मनात होते. त्या वाटेवर वाटाडे आणि हमाल धरून दिवसाला ५०० माणसांनाच परवानगी मिळते, परवाना असलेल्या संस्थेबरोबरच जावे लागते आणि आपल्याला हव्या त्या तारखेसाठी कित्येक महिने आधी नाव नोंदवावे लागते, हे कळल्यावर उत्साह थोडा ओसरला. त्याच शोधात चोकेकिराओचे नाव समोर आले. अपुरिमाक नदीच्या घळईच्या वर, सुमारे ३,०५० मीटर उंचीवर वसलेले, अजून मोटाररस्ता न पोहोचलेले आणि बरेचसे अजूनही झाडीखालीच असलेले हे इंका नगर पाहावे, असे आता दोघांच्याही मनाने घेतले आहे.

तरीही काही शंका आहेत. कुस्को शहराहून निघणाऱ्या बहुतेक सहली चार दिवसांच्या दिसतात, काही पाच दिवसांच्या आहेत, आणि तेथून पुढे चालत माचू पिचूपर्यंत नेणाऱ्या आठ-नऊ दिवसांच्याही आहेत. चार दिवसांत ही जागा नीट पाहून होते का? वाटाड्या घेणे आवश्यक आहे, की केवळ सामानासाठी खेचर पुरेसे होते? उंचीचा त्रास कितपत होतो? आम्हाला मे ते ऑगस्ट या काळात केव्हाही निघता येईल. ज्यांनी ही वाट प्रत्यक्ष चालली आहे, त्यांनी आपला अनुभव सविस्तर सांगितल्यास फार उपयोग होईल.

संथ पाऊल

मी ही वाट जूनच्या पहिल्या पंधरवड्यात पाच दिवसांत केली. सामानासाठी एक खेचर आणि त्याचा मालक बरोबर होता, वेगळा वाटाड्या घेतला नव्हता. तुमच्या पहिल्या प्रश्नाचे माझे उत्तर असे की पायांना चार दिवस पुरतात, पण डोळ्यांना पुरत नाहीत. असे का म्हणतो, ते समजण्यासाठी या वाटेची ठेवण आधी लक्षात घ्यायला हवी, कारण ती नेहमीच्या डोंगरवाटेच्या अगदी उलट आहे.

एरवी आपण पायथ्यापासून चढू लागतो, माथा गाठतो आणि थकलेल्या पायांनी उतरतो. येथे आरंभच उंचावरून होतो. या वाटेच्या तोंडाशी असलेल्या काचोरा गावापासून काही अंतरावर कापुलियोक नावाची धार आहे आणि तेथवर आता गाडी जाते. या धारेची उंची सुमारे २,९०० मीटर आहे. तेथे उभे राहिले की समोर पाद्रेयोकचे हिमशिखर दिसते आणि पायाखाली अपुरिमाकची घळई उघडते. नदी सुमारे १,५०० मीटर उंचीवरून वाहते. म्हणजे आधी जवळजवळ १,४०० मीटर खाली उतरायचे, नदीवरचा पूल ओलांडायचा आणि पलीकडच्या अंगाने तेवढेच पुन्हा चढून मारांपाता वस्ती गाठायची. परतताना हाच हिशेब उलट्या क्रमाने पुन्हा चुकवावा लागतो. काचोरा गावापासून धरले तर जाऊन-येऊन साठ किलोमीटरच्या आसपास चाल होते, पण या वाटेवर किलोमीटरना फारसा अर्थ नाही. सगळी कसोटी चढ-उताराची आहे.

आता एक गोष्ट जरा विस्ताराने सांगतो, कारण निघण्यापूर्वी ती मला कोणीही सांगितली नव्हती. आपण दक्षिण गोलार्धात असतो, त्यामुळे सूर्य आकाशाच्या उत्तर बाजूने जातो. कापुलियोकचा उतार उत्तरेकडे तोंड करून आहे, आणि म्हणून त्यावर दिवसभर ऊन राहते. तो उतार कोरडा, निवडुंगांनी भरलेला आणि सावली नसलेला आहे. मारांपाताचा उतार दक्षिणेकडे तोंड करून असल्यामुळे त्या मानाने हिरवा आणि सौम्य आहे. जाताना तापलेला उतार आपण उतरणीत पार करतो, म्हणून त्याचा दाह फारसा जाणवत नाही. परतीच्या शेवटच्या दिवशी मात्र तोच उतार चढावा लागतो, आणि तोही आधीच्या दिवसांचा शीण अंगात असताना. जी माणसे या वाटेवर हतबल झालेली मी पाहिली, ती जवळजवळ सगळी या शेवटच्या चढावरच पाहिली. त्यावरचा उपाय साधा आहे. परतीचा मुक्काम नदीकाठी न करता थोडे वर, सुमारे १,९०० मीटरवरच्या चिकिस्काला करावा आणि पहाटे चारच्या सुमारास कपाळावर दिवा बांधून निघावे. आम्ही तसे केले आणि ऊन चढण्याच्या आत कापुलियोकला पोहोचलो.

माझे पाच दिवस असे गेले. पहिल्या दिवशी सकाळी कापुलियोकहून निघून दुपारी चिकिस्काला मुक्काम केला. दुसऱ्या दिवशी अंधारातच उठून उरलेला उतार संपवला, प्लाया रोसालिनाचा पूल ओलांडला आणि सांता रोसामार्गे दुपारपर्यंत मारांपाता गाठले. पुलापासून मारांपातापर्यंत आम्हाला पाच तासांहून थोडा अधिक वेळ लागला. सांता रोसाला पाणी मिळते, विसावायला सावली मिळते, आणि तेथे अर्धा तास बसलेच पाहिजे असे माझे मत आहे. तिसरा संपूर्ण दिवस अवशेषांसाठी ठेवला. मारांपाताहून तेथे पोहोचायला सुमारे दीड तास लागतो. चौथ्या दिवशी उतरून पुन्हा चिकिस्का, आणि पाचव्या दिवशी पहाटेचा चढ.

वाट स्वच्छ मळलेली आहे, चुकण्यासारख्या जागा जवळजवळ नाहीत, त्यामुळे वाट सापडण्यासाठी वाटाड्याची गरज पडत नाही. खेचर मात्र घ्याच. पाठीवर बारा-पंधरा किलोंचे ओझे घेऊन तो उतार उतरणे म्हणजे गुडघ्यांवर अन्याय आहे. मुक्कामाच्या प्रत्येक ठिकाणी कोणा ना कोणा कुटुंबाची वस्ती आहे. तेथे तंबूला जागा मिळते, सांगितल्यास गरम जेवणही मिळते. पैसे सोलमध्ये, म्हणजे पेरूच्या चलनात, आणि रोखच द्यावे लागतात, तेव्हा कुस्को सोडण्यापूर्वीच लहान किमतीच्या नोटा जमवून ठेवा. पाणी मुक्कामांवर असते, मधल्या टप्प्यांत नसते. प्रत्येकी तीन लिटर पाणी जवळ ठेवावे आणि ते उकळलेले किंवा गाळून शुद्ध केलेले असावे.

नदीकाठी आणि चिकिस्काला बारीक चावऱ्या माश्या असतात. त्या चावताना कळत नाही, पण नंतर रक्ताचा एक ठिपका उरतो आणि त्या जागी आठवडाभर खाज सुटते. उकाडा कितीही असला तरी पूर्ण बाह्यांचा सदरा आणि लांब विजार घालूनच त्या टप्प्यात चाला.

शिलालेख

वाटेविषयी वर फार नेमके लिहिले गेले आहे. मी केवळ चोकेकिराओला पोहोचल्यानंतरच्या वेळेबद्दल लिहितो. बहुतेक चार दिवसांच्या सहलींत माणसे दुपारी तेथे पोहोचतात, मुख्य चौकात तास-दोन तास फिरतात आणि दुसऱ्या दिवशी सकाळी परततात. इतक्या कष्टाने गाठलेल्या जागेला एवढासा वेळ देणे मला फार खटकते.

हे नगर एका डोंगरसोंडेवर पसरलेले आहे. वरचा चौक, खालचा मुख्य चौक, कोठारे, लांबट सभागृहे, आणि वरून खालपर्यंत पाणी आणणारा दगडी पाट अशी त्याची मांडणी आहे. सोंडेच्या टोकाशी एका टेकडीचा माथाच छाटून सपाट केला आहे आणि त्याभोवती दगडांचे बुटके कुंपण आहे. हा उश्नू, म्हणजे विधींसाठीचा उंचवटा. तेथे उभे राहिल्यावर तिन्ही बाजूंनी दरी दिसते आणि खूप खालून अपुरिमाकचा आवाज येतो. केचुआ या इंकांच्या भाषेत अपुरिमाक या नावाचा अर्थच ‘बोलणारा देव’ असा होतो, आणि चोकेकिराओ म्हणजे ‘सोन्याचा पाळणा’. मी संध्याकाळी त्या उंचवट्यावर बसलो असताना दोन कोंडोर गिधाडे माझ्या पातळीच्या खालून तरंगत गेली. पक्ष्यांची पाठ वरून पाहण्याचा तो माझा पहिलाच प्रसंग होता.

कुस्को किंवा माचू पिचू येथील तंतोतंत घडवलेले, सांध्यात सुरीचे पातेही न शिरणारे दगड येथे दिसणार नाहीत. काही जणांचा त्यामुळे विरस होतो. येथला स्थानिक दगड थरांचा आणि ठिसूळ आहे, तो तसा घडवता येत नाही. म्हणून भिंती मातीच्या गाऱ्यात रचल्या गेल्या आणि वरून मातीचाच गिलावा दिला गेला. पण दारांच्या दुहेरी चौकटी, समलंब कोनाडे आणि भिंतींचा आतल्या बाजूचा कल पाहिला की बांधणारे हात कोणत्या परंपरेतले होते हे लगेच ओळखू येते.

खरी अपूर्व गोष्ट मुख्य चौकाच्या पश्चिमेला खाली उतरल्यावर दिसते. तेथे अतिशय तीव्र उतारावर एकाखाली एक मजग्या, म्हणजे पायऱ्यांसारखी शेते, बांधल्या आहेत आणि त्यांच्या काळसर दगडी तालींमध्ये पांढरे दगड बसवून लामा प्राण्यांच्या आकृती काढल्या आहेत. अशा वीसहून अधिक आकृती आहेत. काही लामा मोठे, काही पिलांसारखे लहान, आणि बहुतेक एकाच दिशेने, जणू तांडा वर चढत असावा तसे. सर्वांत वरच्या भागात पांढऱ्या दगडांची नागमोडी पट्टीही आहे. तालींत अशी चित्रे बसवल्याचे उदाहरण इंकांच्या इतर कोणत्याही प्रसिद्ध स्थळी आढळत नाही. उत्तर पेरूतल्या चाचापोया लोकांना येथे आणून त्यांच्याकडून हे काम करवून घेतले असावे, असे काही अभ्यासकांनी सुचवले आहे, कारण भिंतीत नक्षी बसवण्याची रीत त्या प्रदेशात होती. या आकृती २००० नंतरच्या दशकात झाडी काढताना उजेडात आल्या, म्हणजे विसाव्या शतकात येथे आलेल्या प्रवाशांच्या दृष्टीला त्या पडल्याच नव्हत्या.

तेथे उतरायला अर्धा-पाऊण तास लागतो आणि परत चढायला त्याच्या दुप्पट. समोरून सगळा पट एका नजरेत दिसावा म्हणून पुढच्या सज्जापर्यंत जावे लागते. सकाळची वेळ या एकाच भागात जाते. दुपार चौक, पाट आणि उश्नू यांना द्यावी. पूर्वेकडच्या मजग्या मारांपाताहून येताना समोर दिसतच असतात. हा हिशेब मांडला तर एक संपूर्ण दिवस लागतोच, आणि जमल्यास आदल्या संध्याकाळचा एखादा तासही.

इतिहासाबद्दल थोडे लिहितो, कारण ते ठाऊक असले की तेथल्या शांततेला अर्थ येतो. इंका राजा मांको याने १५३६ मध्ये स्पॅनिशांविरुद्ध उठाव केला आणि तो फसल्यावर वील्काबांबाच्या दुर्गम प्रदेशात आश्रय घेतला. पुढची पस्तीस वर्षे त्या मुलखात इंकांचे लहानसे राज्य टिकून होते. १५७२ मध्ये स्पॅनिश फौज आत घुसली, शेवटचा इंका राजा तुपाक आमारू याला पकडले आणि त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये कुस्कोच्या चौकात त्याचा शिरच्छेद केला. चोकेकिराओ त्या आश्रयप्रदेशाच्या वेशीवर आहे. ज्या घळईने आपला घाम काढला, तीच घळई त्या राज्याचा खंदक होती, हे उतार उतरताना जाणवत राहते.

पुढे १८३४ मध्ये सार्तीज नावाचा फ्रेंच प्रवासी येथे पोहोचला. १९०९ च्या फेब्रुवारीत, भर पावसात, हायरम बिंगहॅम येथे आला. तो येल विद्यापीठात इतिहास शिकवीत असे. अपुरिमाक प्रांताच्या प्रमुखाने त्याला आग्रहाने बोलावले होते, कारण त्या वेळी येथे गुप्तधनासाठी खोदकाम चालले होते. बिंगहॅमने पाहिलेले हे इंकांचे पहिले दुर्गम नगर. या भेटीमुळेच तो इंकांच्या शेवटच्या राजधानीचा शोध घेण्यासाठी १९११ मध्ये पुन्हा पेरूत आला आणि माचू पिचूपर्यंत पोहोचला. आज माचू पिचूला रोज हजारो माणसे जातात, आणि ज्या जागेने त्याच्या मनात तो ध्यास पेरला, तेथे मी गेलो त्या दिवशी दुपारनंतर आम्ही नऊ जण होतो.

घाटवाट

वरच्या दोन्ही उत्तरांशी मी सहमत आहे आणि त्याला माझ्या चुकीचा दाखला जोडतो. मी एकटा, खेचराशिवाय, सगळे सामान पाठीवर घेऊन चार दिवसांत ही वाट केली. दुसऱ्या दिवशी दुपारी तीनच्या सुमारास थकून चोकेकिराओला पोहोचलो. लामांच्या मजग्यांकडे उतरणारी पायवाट पाहिली, परतीच्या चढाचा अंदाज घेतला आणि उद्या सकाळी पाहू असे ठरवले. तिसऱ्या दिवशी सकाळी दाट धुके होते. साडेनऊपर्यंत वाट पाहिली, मग पुढचा टप्पा चुकेल या भीतीने निघालो. मजग्या न पाहताच परत आलो, आणि आज इतक्या वर्षांनंतरही त्याची रुखरुख आहे. एक दिवस हाताशी असता तर धुके दुपारपर्यंत विरलेच असते.

वाटाड्याच्या बाबतीत मात्र माझे मत थोडे वेगळे आहे. वाट दाखवायला तो लागत नाही हे खरे, पण त्या स्थळी माहिती देणारे फलक फार थोडे आहेत. ज्यांना भिंती वाचता येतात त्यांना अडचण नाही. ज्यांना येत नाहीत, त्यांनी निदान काचोऱ्यातला एखादा जाणकार स्थानिक माणूस बरोबर घ्यावा. स्पॅनिश थोडीफार येत असेल तर खेचरवाल्याशी बोलण्यातूनही खूप काही कळते. माझ्यासारखे एकटे जाण्याचा सल्ला मी कोणालाही देणार नाही, कारण घळईत बहुतेक ठिकाणी फोन लागत नाही आणि पाय मुरगळला तर बाहेर पडण्याचे एकमेव साधन खेचर हेच असते.

काचोऱ्याला पोहोचण्याबद्दल सांगायचे तर कुस्कोहून अबांकायकडे जाणारी बस घ्यावी आणि काचोरा फाट्यावर उतरावे. चार तासांच्या आसपास प्रवास होतो. फाट्यावरून गावापर्यंत वाटून घ्यायच्या मोटारी मिळतात. फाट्याजवळच सायविते येथे एक मोठी कोरीव शिळा आहे. तिच्यावर डोंगर, पाट, पायऱ्या, प्राणी अशा दोनशेहून अधिक आकृती कोरलेल्या आहेत. सकाळी लवकर निघालात तर ती पाहून दुपारपर्यंत गावात पोहोचता येते.

डोंगरयात्री

आपण सर्वांनी इतक्या आपुलकीने लिहिलेत, त्याबद्दल मनापासून आभार. चार दिवसांचा विचार आम्ही सोडून दिला आहे. माझ्या पत्नीने सगळी उत्तरे वाचली आणि तिचे दोन प्रश्न आहेत. पहिला असा, की गुडघा फारच दुखू लागला तर खेचरावर बसून जाता येते का? दुसरा असा, की एवढे श्रम घेऊन आत गेल्यावर त्याच वाटेने परत येण्यापेक्षा पुढे माचू पिचूकडे निघालेले बरे नाही का? त्या वाटेने कोणी गेले आहे का?

संथ पाऊल

वहिनींच्या पहिल्या प्रश्नाचे उत्तर देतो. चढावर बसून जाता येते आणि कित्येक जण जातात. पण सामान वाहणाऱ्या खेचराला खोगीर नसते, तेव्हा बसण्यासाठी वेगळे जनावर लागेल हे काचोऱ्यातच ठरवून घ्यावे लागते. आयत्या वेळी मारांपाताला जनावर मिळेलच असे धरून चालू नये. उतारावर मात्र बसून जाऊ नये. वाट अरुंद आहे, वळणावर जनावर दरीच्या कडेने चालते, आणि खेचरवाले स्वतःच तेथे खाली उतरायला सांगतात. म्हणजे गुडघ्याला जेथे त्रास होतो त्या उतरणीत जनावराचा उपयोग नाही, हे आधीच गृहीत धरून तयारी करावी.

माझ्या बरोबरच्या एका काकूंना नेमका हाच त्रास होता. त्यांनी दोन्ही हातांत काठ्या घेतल्या होत्या, पाठीवर पाण्याखेरीज काही ठेवले नव्हते आणि पहिल्या दिवशीचा उतार चिकिस्कालाच थांबवला. १,४०० मीटरचा उतार एका दिवसात न संपवता त्याचे दोन तुकडे केले की गुडघ्याला रात्रभराची विश्रांती मिळते. परतताना मारांपाताहून नदीपर्यंतचा उतार एकसलग येतो, तो दिवस त्यांना सर्वांत जड गेला. तुम्ही सहावा दिवस काढू शकत असाल तर परतताना सांता रोसालाही एक मुक्काम करता येईल.

उत्तरवाट

दुसऱ्या प्रश्नाबद्दल लिहितो, कारण मी ती वाट आठ दिवसांत केली आहे.

चोकेकिराओच्या मागची धार चढून पलीकडे उतरले की पिंचाउनुयोक येथे मजग्यांचा आणखी एक समूह लागतो. तेथे आम्ही सकाळभर होतो आणि दुसरे कोणीही आले नाही. दगडी पाटातून आजही पाणी वाहते. तेथून वाट रिओ ब्लांको नदीपर्यंत, म्हणजे पुन्हा १,९०० मीटरच्या आसपास खाली जाते आणि लगेच मायसालपर्यंत हजारभर मीटर चढते. माझ्या मते संपूर्ण प्रवासातला हाच दिवस सर्वांत कठीण आहे. पुढे जुन्या खाणींजवळून ४,१०० मीटरच्या वरची खिंड ओलांडून यानामा गावात उतरायचे, मग साडेचार हजार मीटरहून उंच असलेली यानामाची खिंड, आणि त्यानंतर साल्कांताय शिखराकडून येणाऱ्या वाटेला मिळून लाक्तापाताच्या इंका अवशेषांपर्यंत. लाक्तापाताहून समोरच्या डोंगरावर माचू पिचू दिसते. शेवटी जलविद्युत केंद्रापाशी उतरून लोहमार्गाच्या कडेने माचू पिचूच्या पायथ्याचे आग्वास कालिएंतेस गाव गाठायचे.

वाट अप्रतिम आहे, पण तिची जात वेगळी आहे, हे लक्षात घ्यावे. चोकेकिराओची जाऊन-येऊन वाट दीड हजार ते तीन हजार मीटरच्या पट्ट्यात राहते. कुस्को शहरच सुमारे ३,४०० मीटरवर आहे, म्हणजे तेथे दोन-तीन दिवस नीट काढले असतील तर या वाटेवर उंचीचा त्रास होण्याची शक्यता फार कमी असते. उलट खाली उतरल्यावर श्वास मोकळा होतो आणि त्रास होतो तो उन्हाचा. पलीकडे जाणाऱ्या वाटेवर मात्र दोन उंच खिंडी आहेत, रात्री पाणी गोठते, आणि चोकेकिराओच्या पुढे पहिले दोन-तीन दिवस वस्ती तुरळक आहे. पूर्ण शिधा बरोबर न्यावा लागतो. त्या वाटेवर मी वाटाड्याशिवाय जाणार नाही.

गुडघ्याच्या दृष्टीने विचार केला तर चढ-उतारांची बेरीज दुपटीहून अधिक होते. म्हणून वहिनींना मी सुचवीन की चोकेकिराओ निवांतपणे पाहून आलेल्या वाटेने परत यावे, कुस्कोत दोन दिवस विसावा घ्यावा आणि माचू पिचूला आगगाडीने जावे. तेथला प्रवेश ठरावीक वेळेचा आणि ठरावीक फेरीचा असतो, तिकिटावर पारपत्राचा क्रमांक असतो आणि दिवसाची संख्या मर्यादित असते. पायी प्रवासाला एक दिवस उशीर झाला तर ते तिकीट वाया जाते, ही चिंता आठही दिवस माझ्या डोक्यावर होती.

काळाबद्दल एक सूचना करतो. पावसाळा साधारण नोव्हेंबर ते मार्च असतो आणि त्या वेळी दरडी कोसळतात, म्हणून तो काळ टाळावा हे उघडच आहे. तुमच्या चार महिन्यांपैकी मी मेचा उत्तरार्ध निवडीन. पाऊस नुकताच संपलेला असतो, डोंगर हिरवे असतात, झऱ्यांना पाणी असते. २४ जूनला कुस्कोत इंती राय्मी हा इंकांचा सूर्योत्सव असतो आणि २८ जुलैला पेरूचा स्वातंत्र्यदिन. त्या दोन्ही तारखांच्या आसपास शहरात खोल्या मिळणे अवघड जाते, आणि जुलैअखेरच्या सुट्टीत पेरूचेच पुष्कळ लोक चोकेकिराओला येतात. ऑगस्टमध्ये गवत वाळलेले असते आणि काही दिवस हवेत धुराचा पडदा असतो, त्यामुळे दूरची शिखरे पुसट दिसतात.

शिलालेख

एक राहून गेले. अपुरिमाकच्या घळईवरून तारेवरची गाडी बांधण्याची योजना बरीच वर्षे चर्चेत आहे. ती झाली तर वृद्धांना आणि चालता न येणाऱ्यांना हे नगर पाहता येईल, आणि वाटेवरच्या वस्त्यांतील काही कुटुंबांनाही ती हवी आहे, हे मी त्यांच्याच तोंडून ऐकले आहे. तरीही, अजून जमिनीखाली असलेल्या भागाचे उत्खनन होण्याआधी तेथे रोज हजारो पावले पडू नयेत असे मला मनापासून वाटते. तुम्ही मुक्काम कराल त्या घरी जेवण सांगा, शिधा शक्य तेवढा तेथेच विकत घ्या. आजच्या घडीला त्या कुटुंबांचे उत्पन्न आपल्यासारख्या चालत येणाऱ्या मोजक्या माणसांवर अवलंबून आहे. आणि मजग्यांच्या तालींवर चढू नका. पांढरे दगड मातीच्याच आधाराने उभे आहेत.

डोंगरयात्री

आमचे ठरले. मेच्या तिसऱ्या आठवड्यात कुस्कोला पोहोचून तीन दिवस तेथे राहायचे, मग काचोऱ्याहून सहा दिवसांचा कार्यक्रम. जाताना चिकिस्का, मग मारांपाताला दोन रात्री, परतताना सांता रोसा आणि चिकिस्का. सामानासाठी एक खेचर, आणि खोगीर घातलेले दुसरे जनावर पहिल्या दिवसापासून बरोबर. वाटाड्या काचोऱ्यातलाच घेऊ. तिसरा दिवस धुक्याचा निघाला तर मारांपाताला आणखी एक रात्र काढता यावी म्हणून परतीच्या विमानाआधी कुस्कोत दोन दिवस मोकळे ठेवले आहेत. माचू पिचूचे तिकीट त्यानंतरच्या तारखेचे घेतो. पत्नीने उतारासाठी नव्या काठ्या आजच मागवल्या.